नव्वद दिवसांचा स्टे

करंजाडे
२० जून २०२५

परेश,

वर 'प्रिय' लिहिलं होतं, ते खोडून हा नवा कागद घेतला.

फोन करत नाही. एप्रिलमध्ये फोनवर मी तुला चोर म्हणाले तेव्हा तुझा फोन स्पीकरवर होता आणि भगवानमामाने ते ऐकलं. शब्द मी मागे घेतलेला नाही, पण तो मामाच्या कानावर घालायचा नव्हता. कागदावर निदान खोडता येतं. पत्र मी आधी माझ्या रोजच्या वहीत लिहिते आणि मग तुझ्यासाठी उतरवते. मी काय म्हणाले, काय नाही, यावरून पुढे वाद व्हायला नको.

सोमवारी, सोळा तारखेला, पनवेलच्या कोर्टाने आदेश दिला. तुला तुझ्या ब्रोकर कंपनीकडून कळलंच असेल. आईचे जे शेअर कंपनीकडे तारण आहेत ते कंपनीने विकायचे नाहीत, दुसऱ्याच्या नावावर करायचे नाहीत. भांडण लवादापुढे जायचं आहे, कारण खातं उघडताना आईने अंगठ्याएवढ्या जागेत ज्या बावीस सह्या केल्या त्यातली एक लवादाची होती. तोपर्यंत शेअर आहेत तिथेच राहतील.

आता तू मला एवढं सांग. आप्पांनी जासईच्या कंटेनर यार्डात टॅली क्लार्कची नोकरी करत, बावीस वर्षं, दर बोनसला एकाच कंपनीचे शेअर घेतले. एकही कधी विकला नाही. ते गेल्यावर आईने ते तुझ्या ऑफिसात आणून दिले, कारण पनवेलमध्ये शेअरवाला म्हणून तिला एकच माणूस माहीत होता, तो म्हणजे तिच्या भावाचा मुलगा. तू ते तारण ठेवलेस आणि तिच्या खात्यावर ऑप्शनचे सौदे केलेस. पाच महिन्यांत अठरा लाखांचा खड्डा पाडलास. अडुसष्ट वर्षांची बाई, आयुष्यभर सुकी मासळी विकलेली, तिने निफ्टीवर पैज लावली असं कंपनी कोर्टात लिहून देते आणि खाली सही तुझी आहे.

जासईचं घर रस्त्यात गेलं. फेब्रुवारीपासून आई माझ्याकडे आहे. त्या शेअरमधून तिला इथेच, करंजाड्यात, तळमजल्यावरच्या दोन खोल्या घ्यायच्या आहेत. बिल्डरकडे तिने टोकन दिलं आहे. जावयाच्या घरी किती दिवस राहायचं, हे ती मला रोज विचारत नाही, एवढाच तिचा मोठेपणा.

मला खात्याचा पूर्ण उतारा हवा आहे. आणि सौदे आईच्या सांगण्यावरून झाले असतील तर त्याचं रेकॉर्डिंग.

विनीता

*

पनवेल
२९ जून

प्रिय ताई,
सा. न.

पत्र मिळालं. तीनदा वाचलं. आपल्याला शेवटचं पत्र कोणी लिहिलं होतं तेच आठवेना. पण पत्र बरं. ऑफिसच्या फोनवर सगळं रेकॉर्ड होतं आणि मला तुझ्याशी कंपनीचा माणूस म्हणून बोलायचं नाही.

चोर म्हणालीस त्याचं मला वाईट वाटलं, पण बाबांना जास्त वाटलं. दोन दिवस ते धड जेवले नाहीत. मी त्यांना सांगितलं, ताईचा राग आहे, उतरेल.

रेकॉर्डिंग तू मागितलंस म्हणून सांगतो. अकरा आहेत. मी सकाळी फोन करायचो, आत्या, आज मार्केट बरं दिसतंय, थोडं घेऊ का. आणि अकराही वेळा आत्याचा आवाज आहे, "तुला बरा वाटंल ता कर." आता याला कंपनी ऑर्डर म्हणते. मी म्हणत नाही, कंपनी म्हणते. पहिले दोन महिने फायदा होता ताई, देवाशपथ. दिवाळीला आत्याला साडी दिली ती त्यातलीच. मग एका गुरुवारी सगळं उलटं फिरलं आणि ते भरून काढायला मी अजून केलं. ती चूक माझी.

दुसरी गोष्ट. तुमच्या अर्जात वकिलाने लिहिलंय की शेअर तारण ठेवायला कसलीच संमती नव्हती. ताई, तारण ठेवताना ओटीपी लागतो. आत्याचा फोन साधा आहे, म्हणून खात्याला नंबर कोणाचा दिलाय ते तुला माहीत आहे. मी हे कुठे बोललेलो नाही आणि बोलणारही नाही.

मला वाटतं आपण बसून मिटवावं. लवादात गेलात की कंपनी तिचे मुंबईचे वकील उभे करणार, मग तडजोड नाही. घाई कसली आहे? स्टे मिळालाय. आमच्या घराचंच बघ, सतरा वर्षं स्टेवर उभं आहे, वर मजला चढवला. बाबा म्हणतात, विनीताला सांग आता निवांत झोप.

आत्याला नमस्कार.

तुझा
परेश

*

करंजाडे
९ जुलै

परेश,

ओटीपीचा विषय काढलास ते बरं केलंस. ज्या पद्धतीने काढलास ते बरं केलं नाहीस. 'बोलणार नाही' असं आपण आपल्या माणसाला सांगतो तेव्हा ते धमकीसारखं का वाटतं, याचा विचार कर.

मीच सांगते. गेल्या ऑक्टोबरात तुझा फोन आला, ताई, आत्याच्या खात्याचं केवायसी करायचंय, एक नंबर येईल तो सांग. मी ग्रंथालयात होते, काउंटरवर बीएस्सीच्या मुलांची रांग होती. मी सहा आकडे वाचून दाखवले. नोव्हेंबरात दोनदा. तीन वेळा. मेसेज अजून फोनमध्ये आहेत. काल काढून बघितले. आकड्यांच्या वरच्या ओळीत स्वच्छ लिहिलं आहे की हा क्रमांक शेअर तारण ठेवण्यासाठी आहे, कोणालाही सांगू नये. एकवीस वर्षं मी दुसऱ्यांना म्हणते आहे, आधी नीट वाचा. मी आकडे वाचले आणि वरची ओळ वाचली नाही.

हे मी वकिलांना सांगितलं नव्हतं. स्वानंद वयाने लहान आहे, आमच्या सोसायटीतलाच, जमिनीचे दावे चालवतो. त्याने अर्ज वाचून दाखवला तेव्हा 'संमती नव्हती' या वाक्याशी मी थबकले आणि गप्प बसले. तू खोटं बोललास म्हणून मी नंबर दिला, हे खरं. पण नंबर दिलाच नाही, हे खरं नाही. दोन्ही वाक्यं शेजारी शेजारी लिहायला मला तीन आठवडे लागले.

आता तुझी अकरा रेकॉर्डिंगं. आई गॅसवाल्याला म्हणते, तुला बरा वाटंल ता कर. सोसायटीच्या वॉचमनला म्हणते. तू तर तिच्या भावाचा मुलगा. आपल्यात भावाच्या मुलाला आत्याने नाही म्हणायचं नसतं, हे तू लहानपणापासून जाणतोस. तिच्या ताटातली सुरमई तू याच जोरावर खायचास. त्या सवयीचं तू ऑर्डर बुक केलंस. मला यातलं सगळ्यात जास्त हेच खुपतं. अनोळखी माणसाने तिला फसवलं असतं तर त्याला तिची भाषा शिकावी लागली असती.

रविवारी मामा येऊन गेला, पेढे घेऊन. आईसमोर बसला आणि म्हणाला, "स्टे हाय म्हंजे टेन्शन नाय रंभा. माझा सतरा वर्सं हाय. घर हाललाय का माझा?" आई किती दिवसांनी हसली. मग दोघं भाऊबहीण आप्पांबद्दल बोलत बसले. मी चहा केला. मामाला माझ्याकडे बघवत नव्हतं आणि मलाही त्याच्याकडे.

त्याच्यासाठी म्हणून लिहिते, बसून मिटवायला माझी ना नाही. कंपनी काय देणार, कधी देणार, ते लेखी आण. स्वानंदला मी लवादाचा अर्ज तयार करून ठेवायला सांगितलं आहे. दाखल करायचा थांबवते.

विनीता

*

पनवेल
६ ऑगस्ट

प्रिय ताई,

राखी पोचली. पाकिटात फक्त राखी होती, चिठ्ठी नव्हती, तरी मी पाकीट दोनदा झटकून बघितलं. शनिवारी पौर्णिमेला मोनालीकडून बांधून घेईन. बायकोने बांधायची नसते म्हणून ती हसेल, पण बांधेल.

उत्तराला उशीर झाला. कंपनीचे रिजनल साहेब दौऱ्यावर होते. आता बोलणं झालंय. साहेब पॉझिटिव्ह आहेत. साठ टक्के नुकसान कंपनी सोसेल असं त्यांच्या बोलण्यातून वाटलं. लेखी लगेच देणार नाहीत, मोठ्या कंपनीत तसं नसतं, वरून मंजुरी लागते. पण मध्ये केस दाखल झाली तर फाइल लीगलकडे जाते आणि साहेबांच्या हातातून सुटते. म्हणून म्हणतो, आता काही टाकू नका.

गणपती सत्तावीसला आहेत. ते होऊ देत. आमच्याकडे यंदा गौरी पण आहेत. विसर्जन झालं की साहेबांना पनवेललाच बोलावतो, आत्या, तू, मी, बाबा, सगळे बसू.

आत्या गुडघ्याला ते तेल लावते का?

परेश

*

करंजाडे
१८ ऑगस्ट

परेश,

तू पत्रात तेलाची चौकशी करतोस आणि माझा राग अर्धा होतो. हे तुला माहीत असावं अशी मला शंका येते, आणि शंका आली की माझीच मला लाज वाटते. वहीत मी असं लिहिलं: 'परेश लाजतो आहे, म्हणून टाळतो आहे.' दुसऱ्या दिवशी त्याखाली लिहिलं: 'की परेश टाळतो आहे आणि मी त्याला लाज म्हणते आहे?' उत्तर लिहिलेलं नाही.

बिल्डरचा माणूस काल आला होता. टोकन सहा महिन्यांचं असतं, गिऱ्हाईक दारात उभं आहे, म्हणाला. आईने त्याला चहा दिला. त्याने दोन खोल्यांचा नकाशा पुन्हा उलगडून दाखवला. मागच्या बाजूला चार फुटांची मोकळी जागा आहे. आई म्हणाली, "हितं सुकट वाळवीन. वास येतो म्हनून कोन बोलंल तर बोलू दे, माझा दार हाय." तो गेल्यावर ती मला म्हणाली, परेशला विचार कदी होतंय.

म्हणून विचारते. कधी होतंय?

अर्ज स्वानंदच्या टेबलावर तयार आहे, फक्त आईची सही राहिली आहे. त्याला मी ओटीपीचंही सांगितलं. तो म्हणाला, "ताई, हे आधी सांगायला हवं होतंत." पण रागावला नाही. घाई आहे का, असं मी विचारलं. तो म्हणाला, स्टे आहे तोवर घाई नाही, घरात मिटत असेल तर उत्तम.

गणपतीपर्यंत थांबते. हे मी तुझ्यासाठी करत नाही, मामासाठी करते. आणि थोडं माझ्यासाठीही, कारण लवादापुढे गेले की मला ते तीन फोन सांगावे लागतील.

विनीता

*

पनवेल
९ सप्टेंबर

प्रिय ताई,

विसर्जन नीट झालं. आत्या गौरीच्या जेवणाला आली नाही, बाबांनी तिच्या नावाचं पान वाढून ठेवलं होतं.

आता पितृपक्ष लागला. बाबा म्हणतात, या दिवसांत देण्याघेण्याचं बोलायचं नसतं. पण मी त्यांना समजावलं. साहेब सोमवारी, १५ तारखेला, अकरा वाजता येतायत. आत्याला घेऊन ये. कागद त्या दिवशीच होतील.

वकिलाला आणू नको प्लीज. साहेब बिचकतील.

परेश

*

करंजाडे
१७ सप्टेंबर

परेश,

झालं ते मी क्रमाने लिहिते. रागाने लिहिलं तर तू म्हणशील ताईचा राग आहे, उतरेल.

सोमवारी आई पहाटेच उठली. तू दिलेली साडी नेसली. मी म्हटलं, हीच कशाला? म्हणाली, त्याला बरं वाटेल. पावणेअकराला आम्ही तुझ्या ऑफिसात होतो. तू आईच्या पाया पडलास. साहेब कळंबोलीला ट्रॅफिकमध्ये अडकलेत म्हणालास. आईला कोकम सरबत मागवलंस, माझ्यासाठी चहा. तुझ्या पाठीमागच्या भिंतीवर टीव्ही चालू होता, खालून आकडे सरकत होते. आई म्हणाली, "यात आपला कंचा?" तू उठून बोट ठेवून दाखवलास. हा बघ आत्या, वर आहे आज.

अकरा बावीसला माझ्या फोनवर मेसेज आला. या वेळी मी वरची ओळसुद्धा वाचली. आईच्या खात्यातले तारण शेअर कंपनीने आपल्या ताब्यात घेतले होते. सगळे. मी फोन तुझ्यासमोर धरला. तू वाचलंस आणि म्हणालास, सिस्टिमचा असेल. मग तुला फोन आला आणि तू जिन्यात गेलास. आम्ही पाऊण तास बसलो. साहेब आले नाहीत, तू पण आला नाहीस. आईने सरबताचा ग्लास बेसिनमध्ये नेऊन धुऊन ठेवला. संध्याकाळपर्यंत शेअर विकले गेले होते. रात्री मेल आली: न्यायालयाच्या आदेशाची मुदत संपली असल्याने कंपनी आपल्या अधिकारानुसार वसुली करत आहे.

मुदत. मी स्वानंदच्या घरी गेले. तो जेवत होता, तसाच उठला. त्याने मोबाइलवर कायदा काढला आणि वाचता वाचता खुर्चीत बसला. लवाद सुरू होण्याआधी कोर्टाने असा आदेश दिला, तर नव्वद दिवसांत लवाद सुरू करावा लागतो. नाहीतर कोर्टाकडून मुदत वाढवून घ्यावी लागते. आदेशाच्या कागदावर नव्वद हा आकडा कुठेही नाही, तो कायद्यात आहे. सोळा जूनपासून मी बोटांवर मोजले. नव्वदावा दिवस रविवार होता. स्वानंदने मोबाइल पालथा ठेवला. मग म्हणाला, "ताई, जमिनीत असं नसतं. जमिनीत स्टे उठवावा लागतो, आपोआप नाही जात." त्याच्या बायकोने मला पाणी दिलं.

त्याच्यावर मी चिडले, पण किती चिडणार? या पट्ट्यात आपण सगळे स्टेवरच वाढलो. मामाचं घर, शाळेमागची जागा, अर्धं गाव. स्टे मिळाला की पेढे वाटायचे आणि वर मजला चढवायचा, आपल्याला एवढंच ठाऊक. आणि मला तर सबब नाही. लवादाच्या कायद्याचं पुस्तक माझ्या ग्रंथालयात तिसऱ्या कपाटात आहे. काल मी ते काढलं. सात वर्षांत ते कोणी नेलेलं नाही. मीही नाही. नववं कलम दीड पानाचं आहे.

म्हणून आधी स्वतःला विचारून झालं, आता तुला विचारते. गणपती होऊ देत. गौरी आहेत. साहेब दौऱ्यावर आहेत. केस टाकू नका. वकिलाला आणू नका. आणि मग सोमवार. पितृपक्षात मामा नको म्हणत असताना, तू त्याला समजावून, नेमका एक्क्याण्णवावा दिवस काढलास. हे तू मोजलं होतंस का?

हो किंवा नाही, एवढंच लिही. आईच्या गुडघ्याचं विचारू नकोस.

विनीता

*

पनवेल
२४ सप्टेंबर

ताई,

चार कागद फाडले. हो.

पण सगळं ऐक. जूनमधलं पहिलं पत्र मी मनापासून लिहिलं होतं. मला तेव्हा नव्वद दिवसांचं काही माहीत नव्हतं, मलाही बाबांसारखंच वाटत होतं की स्टे म्हणजे स्टे. जुलैत कंपनीच्या लीगलमधून एका मॅडमचा फोन आला. तुमच्याच नात्यातल्या आहेत ना, म्हणाल्या, सप्टेंबरच्या मध्यापर्यंत त्यांनी लवादात जाऊ नये एवढं बघा. माझं आठ लाखांचं डिपॉझिट कंपनीकडे आहे. आत्याच्या खात्याची वसुली झाली नाही तर ते आधी कापणार होते, मग ऑफिसची फ्रँचाइजी. मोनालीचे दागिने त्यात आहेत. दुसरं पत्र आणि तिसरं पत्र मी तसं लिहिलं. राखीचं खरं होतं. तेलाचं पण खरं होतं, तुला नाही पटणार.

सोमवार त्यांनीच सांगितला. त्या दिवशी त्यांना कोर्टात पळू देऊ नका, बसवून ठेवा, म्हणाले. मला वाटलं होतं दोन-चार दिवसांनी विकतील. तुम्ही समोर असताना करतील असं वाटलं नव्हतं. जिन्यात मी त्यांना शिव्या दिल्या.

बाबांना मी अजून सांगितलेलं नाही.

मी दोन लाख देतो. आत्ता पन्नास हजार, बाकी महिन्याला दहा. तू फक्त पत्रं परत कर. वकिलाला दाखवू नको. माझं लायसन जाईल ताई, आणि या गावात मला कोणी दारात उभं करणार नाही. घरातली पत्रं आहेत, ती घरात राहू देत.

परेश

*

करंजाडे
११ ऑक्टोबर

परेश,

लवादाचा अर्ज आम्ही अठरा सप्टेंबरलाच दाखल केला. त्याबरोबर कोर्टाकडे मुदतवाढ मागितली. उशीर का झाला ते सांगायला माझ्याकडे तुझ्या पत्रांखेरीज काहीही नव्हतं. दोन दिवस मी ती पुढ्यात घेऊन बसले. घरातली पत्रं, हे तुझं म्हणणं मला खरंच अडवत होतं. मग लक्षात आलं की घर या शब्दाचा उपयोग तू ऑगस्टपासून करतो आहेस आणि प्रत्येक वेळी त्याचा फायदा कंपनीला झाला आहे. पत्रं दिली. मामाला आदल्या दिवशी जाऊन मी स्वतः सांगितलं, कोर्टाकडून कळण्यापेक्षा ते बरं. तो ओट्यावर बसला होता. सगळं ऐकून घेतल्यावर म्हणाला, "आनि मी पेढे घेऊन आलो."

स्वानंद म्हणाला, फक्त परेशची पत्रं लावू, तुमची नको, विशेषतः नऊ जुलैचं तर नकोच. त्यात ओटीपीची कबुली आहे, कंपनी तेवढंच उचलेल. मी म्हटलं, माझी पण लावायची, सगळी. तो माझ्याशी तासभर भांडला. त्याचं बरोबर होतं. पण तुझी पत्रं द्यायची आणि माझं झाकायचं, तर मग मी तुला चोर कोणत्या तोंडाने म्हणाले? अर्जातलं 'संमती नव्हती' हे वाक्यही दुरुस्त करायला लावलं: 'खोटं कारण सांगून क्रमांक मिळवला'.

काल तारीख होती. कंपनीच्या वकिलाने अगदी तेच केलं. माझं पत्र उभं राहून वाचून दाखवलं, संथपणे, 'मी आकडे वाचले आणि वरची ओळ वाचली नाही' इथे थांबून न्यायाधीशांकडे बघितलं. माझा चेहरा पेटला होता. मग न्यायाधीश म्हणाल्या, आता दुसऱ्या बाजूची पण अशीच वाचा. त्याने तुझी वाचली नाहीत. म्हणून त्यांनी स्वतः वाचली, मनात, एकेक पान उलटत. चोवीस सप्टेंबरचं दोनदा. कंपनीचा वकील रेकॉर्डिंगकडे वळला, अकरा वेळा होकार आहे म्हणाला. न्यायाधीशांनी आईला विचारलं, तुम्हाला काही सांगायचंय? आई उठून उभी राहिली. "यो माझ्या भावाचा पोर हाय. याला मी बोलले, तुला बरा वाटंल ता कर. कंपनीला कदी बोलले?"

आदेश असा आहे. मुदत वाढवून दिली. विक्रीचे पैसे कंपनीने आपल्या येण्यात वळते करायचे नाहीत. लवाद त्यावर आपला आदेश देईपर्यंत ते वेगळ्या खात्यात ठेवायचे. शेअर परत येत नाहीत, ते कोणीतरी विकत घेतले, त्या माणसाचा काही दोष नाही. आप्पांनी बावीस बोनस जोडून जमवलेलं एका सकाळी गेलं. राहिले ते पैसे, आणि तेही मिळतीलच असं नाही. माझ्या तीन फोनांमुळे लवाद काही टक्के आमच्या अंगावर टाकेल, स्वानंद म्हणतो. टाकू दे. जेवढं माझं आहे तेवढं मी भरीन. तुझे दोन लाख नकोत. तुला जे सांगायचं आहे ते लवादापुढे येऊन सांग. त्या मॅडमचं नाव सांग, तारीख सांग. लायसनचं काय होईल मला माहीत नाही, आणि त्याची काळजी करायला मी बांधील आहे का, हे मी स्वतःला विचारून पाहिलं. नाही.

हे पत्र पोचपावती घेऊन पाठवते आहे. टपाल कचेरीतल्या बाईंनी विचारलं, पाठवणाऱ्याचं नातं काय लिहू? नातं लिहायचा रकाना त्यात नसतो. त्या नवीन असाव्यात.

एक गोष्ट कोर्टात सांगता आली नाही, ती तुला सांगते. तळमजल्याच्या त्या दोन खोल्या गेल्या आठवड्यात दुसऱ्याला गेल्या. आईने टोकन परत आणलं, मोजून माझ्या कपाटात ठेवलं. फेब्रुवारीपासून ती माझ्याकडे होती, पण पाहुणी म्हणून. जाणारी बाई होती, तोऱ्यात होती. भाजीत मीठ कमी म्हणायची, जावयाला, जीवनला, टीव्हीचा आवाज कमी करायला लावायची. काल कोर्टातून आल्यावर मी कपडे बदलत होते. आई स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिली आणि म्हणाली, "विनीता, चहा ठेवू का? गॅस पेटवला तर चालंल ना?"

तू आणि कंपनीने मिळून जे घेतलं त्याचा हिशोब लवाद करील. हे त्यात धरलं जाणार नाही. ते मी वहीत लिहून ठेवलं आहे.

विनीता